आझेलीमावशीने ‘लावा’ म्हटल्याशिवाय

उसाची शेतं संपून दलदल सुरू होते, तिथे बायूच्या, म्हणजे दलदलीतून समुद्राकडे सरकणाऱ्या संथ ओढ्याच्या, काठाने आमची वस्ती आहे. या वस्तीत आझेली फाल्गूने ‘लावा’ म्हटल्याशिवाय कुणाच्या शवपेटीचं झाकण लागत नसे. पाद्री येऊन गेले, डॉक्टर येऊन गेले, घरचे रडून दमले, चुलीवर कॉफीचं आणखी एक भांडं चढलं, तरी उलिस गवंडी मुठीत स्क्रू घेऊन भिंतीला टेकून उभा असायचा. मावशी उठून ‘लावा’ म्हणाली की मगच तो पुढे व्हायचा. ती माझी सख्खी मावशी, आईची थोरली बहीण. लोक तिला मान देत, पण तिच्याशी हात मिळवायची वेळ आली की ज्याला त्याला एकदम काहीतरी काम आठवे.

कारण ती स्वतः एकदा मेली होती.

मोठ्या तापाच्या साथीत, ती सहा-सात वर्षांची असताना. त्या शरद ऋतूत पेट्या करायला लाकूड पुरत नव्हतं. मावशीचा श्वास थांबला, अंग गार पडलं. तिला धुऊन, चुलत बहिणीचा पांढरा झगा घालून, दोन खुर्च्यांवर फळी टाकून तिच्यावर ठेवलं. आरशावर चादर टाकली, घड्याळ थांबवलं. अंगणात तिचा बाप, म्हणजे माझे आजोबा, पेटी ठोकत बसले. आत तिच्या नव्या बुटांवरून दोन काकवांचं जुंपलं. बूट पायात राहू द्यायचे की धाकटीला ठेवायचे, असा वाद. दुपार कलली तेव्हा पोरगी फळीवर उठून बसली आणि म्हणाली, ‘‘बूट माझे आहेत.’’

एक काकू तिथेच आडवी झाली. दुसरी पुढे आयुष्यभर मावशीच्या डोळ्याला डोळा भिडवून बोलली नाही. आजोबांनी ती पेटी मोडली नाही, लाकूड चांगलं होतं म्हणून. कोंबड्यांचा मका त्यात ठेवत. मी लहानपणी त्याच पेटीतून मका काढलाय, आणि तो काढताना हात कधी कोपरापलीकडे घातला नाही.

त्या दिवसाबद्दल मावशी क्वचित बोले. मला एकदाच नीट सांगितलं. अंधार नव्हता म्हणाली. स्वप्नही नव्हतं. सगळं ऐकू येत होतं, आईचं रडणं, काकवांचं भांडण, अंगणातला हातोडा. बाप कशासाठी ठोकतोय हेही कळत होतं. बोट हलवायचं होतं. ‘‘बोट माझंच होतं गं, पण कुणीतरी दुसऱ्याच्या घरी नेऊन ठेवल्यासारखं. हाक मारत होते त्याला.’’ हे सांगताना ती कोळंबी सोलत होती आणि तिचे हात एकदाही थांबले नाहीत. माझ्या मात्र अंगावर काटा आला, आणि तसा तो आला याचा मला रागही आला. मला असल्या गोष्टी पटत नाहीत. माझा नवरा म्हणायचा, एर्मिनला स्वर्गाच्या दारात उभी केली तरी ती आधी बिजागरी तपासेल.

मेलेल्या बाईशी लग्न कोण करणार? तिशी उलटली तरी कुणी पुढे आलं नाही. मग कालवं काढणारा तेओजेन आला. अर्ध्या वस्तीसमोर तो म्हणाला की मरायचं काम जिने आधीच उरकलंय तिच्यामागे रडत बसावं लागणार नाही, हा मोठा फायदा आहे. त्याचं म्हणणं खरं ठरलं. तो आधी गेला, रडली ती.

तिची बसण्याची रीत साधी होती. मढ्याच्या उशाशी खुर्ची घ्यायची, डावा हात त्याच्या मानेखाली सरकवायचा आणि तसंच बसून राहायचं. जपमाळ नाही, प्रार्थना नाही. मधून मधून ती त्या माणसाशी बोलायची, बाजारात भेटल्यासारखी. सगळे जमलेत, पेटी तयार आहे, उलिस दारात उभा आहे, आता लावायची वेळ होईल, तुला काही करायचं असेल तर करून घे. मग गप्प. तिच्या गप्प बसण्याला लोक टरकून असत. खोलीतल्या प्रत्येकाची नजर त्या मेलेल्याच्या पापण्यांवर, आणि कुणालाच त्या हलायला नको असत.

आयुष्यात एकदा तिची चूक झाली. क्लोव्हिस नावाचा कोळंबीवाला ऐन ऑगस्टात नावेवर कोसळला. मावशी बसली आणि तिला वाटलं, मानेखाली काहीतरी आहे. काय, ते तिला सांगता येईना. तिने झाकण लावू दिलं नाही. दुपार गेली. उकाडा असा की मेणबत्त्या वाकल्या. बायका नाकाला रुमाल लावून अंगणात गेल्या, मग पुरुष गेले. शेवटी खोलीत मावशी, क्लोव्हिस आणि त्याची बायको ओलिंप एवढीच उरली. संध्याकाळी मावशी ‘लावा’ म्हणाली. क्लोव्हिस सकाळपासून मेलेलाच होता. ओलिंपने आरडाओरडा केला नाही. दाराशी येऊन एवढंच म्हणाली, ‘‘सकाळी तो गेला होता, आझेली. तू मला दिवसभर त्याची वाट बघायला लावलीस.’’

त्यानंतर दोघी एकाच चर्चमध्ये दोन टोकांना बसत.

आता बाटलीचं सांगते, कारण तिच्यावरूनही लोक मावशीला नावं ठेवत. आमच्याकडे घराघराच्या ओट्यावर साखरपाण्याची बाटली टांगलेली असते, लाल तोंडाची. चार वाट्या पाण्यात एक वाटी साखर. हमिंगबर्डसाठी. त्याला आमची म्हातारी माणसं माशीपक्षी म्हणतात, कारण तो माशीएवढाच आणि तसाच घोंघावतो. मार्चमध्ये ते समुद्रावरून येतात आणि पानगळीत परत समुद्रावर जातात. घरची माणसं मोजावीत तसे सगळे त्यांना मोजतात. यंदा उशीर केला, यंदा लाल गळ्याचा एकटाच आला. आणि नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेला, सर्व संतांच्या सणाला, आम्ही कबरींना चुना देतो आणि घरी येऊन बाटली उतरवतो. ही रीत आहे. बाटली राहिली तर माशीपक्षी आयत्या साखरेला लाचावतो, जाण्याची वेळ विसरतो आणि पहिल्या थंडीत मरतो, असं सगळ्यांचं पक्कं मत. कुणी उशिरापर्यंत बाटली ठेवली तर शेजारीण तोंडावर म्हणते, जाणाऱ्याला धरून ठेवू नये.

मावशी बाटली उतरवत नसे. हिवाळाभर नाही. लोकांना यात नवल वाटत नसे, ती मेलेल्यांनाही धरून ठेवतेच, असं म्हणत. मीसुद्धा तिला टोचायची. एका वर्षी चुन्याने माखलेल्या हातांनीच तिच्या ओट्यावर गेले आणि म्हटलं, काढते आता ही, मुंग्या लागल्यात. तिने माझं मनगट धरलं. तिचा हात नेहमीच गार असे.

‘‘तू पाहिलास तो शेवटचा नसतो,’’ ती म्हणाली. ‘‘शेवटचा आपल्याला दिसत नाही. कुठून तरी लांबून, दमून, सगळ्यांच्या मागून येतो, आणि तोवर सगळ्यांची दारं बंद. बाटली त्याच्यासाठी आहे. ज्याला जायचंय तो जातोच. साखरेने कुणी थांबत नाही.’’

‘‘मग काढायची तरी कधी?’’

‘‘शेवटचा दिसल्यावर पंधरवडाभर थांब. मग बघ. मग तुझं तू ठरव.’’

तिचं खरं होतं, एवढं कबूल केलं पाहिजे. लाल गळ्याचे गेले की महिन्याभराने तिच्या बाटलीवर वेगळाच पक्षी यायचा, गंजलेल्या खिळ्याच्या रंगाचा. तो समुद्राकडे जात नसे. लांब उत्तरेच्या डोंगरांतून आमच्याच दलदलीत हिवाळा काढायला येई आणि मार्चमध्ये परत जाई. वस्तीत त्याला कुणी पाहिलाच नव्हता, कारण तो येई तेव्हा कुणाची बाटलीच नसे. मी हे लोकांना सांगितलं. लोक म्हणाले, तो रंग बघितलास ना? साधा पक्षी असता तर आपल्याकडे नसता आला? मी हात टेकले.

मग तो गोठवणारा जानेवारी आला. आमच्याकडे असं दहा-बारा वर्षांत एकदा होतं. बायूवर बर्फाचा पापुद्रा धरला, लिंबाची झाडं काळी पडली. सकाळी मी मावशीकडे पाण्याचा नळ फुटला का पाहायला गेले, तर बाटलीच्या दांडीला तो गंजका पक्षी उलटा लोंबत होता. पाय दांडीला आवळलेले, डोकं खाली, चोच आभाळाऐवजी जमिनीकडे, डोळे मिटलेले. मी बोटाने ढकललं. तो सुकलेल्या शेंगेसारखा झुलला. पंख कडक. मला वाईट वाटलं, आणि लोकांचंच बरोबर होतं असंही वाटलं. फेकून द्यावा म्हणून मी त्याचे पाय सोडवायला लागले.

‘‘हात काढ,’’ मावशी दारातून म्हणाली. इतक्या कठोर आवाजात ती माझ्याशी कधीच बोलली नव्हती.

आम्ही दोघी शाली लपेटून तिथे उभ्या राहिलो. ऊन ओट्याच्या पायरीवर आलं, मग खांबावर, मग बाटलीवर. बाटलीतला बर्फ सुटून एक थेंब पडला. मला वाटतं मी काहीतरी बडबडत होते, मेलेल्या पाखरासाठी दोन शहाण्या बाया थंडीत उभ्या आहेत वगैरे. आणि त्याची शेपटी थरथरली. मग सगळं अंग थरथरू लागलं, ताप भरल्यासारखं. डोळा उघडला. तो उलटाच होता आणि त्या उलट्या डोळ्याने तो थेट आमच्याकडे बघत होता. मग घोंघावण्याचा आवाज झाला, आणि तो सरळ होऊन बाटलीला चोच लावून पीत होता.

मी हसले. मावशी हसली नाही. तिचा चेहरा चुन्यासारखा झाला होता.

‘‘मी अशीच होते,’’ ती म्हणाली. ‘‘आणि तू त्याचे पाय सोडवत होतीस.’’

आत जाऊन तिने कॉफी केली, आणि ती प्यायच्या आधीच मला सांगून टाकलं. तिची वेळ येईल तेव्हा मी बसायचं. शहरातल्या अंत्यविधीच्या दुकानवाल्यांना तिच्या अंगाला हात लावू द्यायचा नाही, ते रक्त काढून औषध भरतात, मग माणूस उठणार कसा? मी बसायचं, मानेखाली हात घालायचा आणि ‘लावा’ मी म्हणायचं. दुसऱ्या कुणी नाही. आयुष्यभर तिला एकच भीती होती, आणि ती मरणाची नव्हती.

मी नाही म्हटलं. म्हटलं, ज्याचा विश्वास आहे अशा कुणाला सांग.

‘‘विश्वासवाल्याला मी श्वास घेताना दिसेन,’’ ती म्हणाली. ‘‘तू बघशील.’’

मग मी हो म्हटलं. काय करणार? कॉफी निवली होती.

पुढच्या मोठ्या थंडीतच ती गेली. मी सकाळी गेले तेव्हा शेगडी विझलेली, गॅस संपलेला. ती अंथरुणात, गुडघे पोटाशी, हात छातीशी आवळलेले. अंग गार आणि कडक. पण खोलीतलं सगळंच गार होतं, पाण्याचा पेलासुद्धा गोठलेला. शहरातला डॉक्टर आला, छातीला नळी लावली, पापणी वर केली आणि कागदावर सही केली. चांगला माणूस होता, घाईत नव्हता. दुकानवाल्यांना मी दारातूनच परत पाठवलं. ते म्हणाले, औषध भरायचं नसेल तर कायद्याने उद्यापर्यंत पुरावं लागेल. उलिसने कबर उघडायला घेतली. आमच्याकडे खणलं की पाणी लागतं, म्हणून कबरी जमिनीवर, विटांच्या. तेओजेनच्या शेजारची जागा मोकळी होती.

दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर मी खुर्ची ओढली. आणि मग मी असं काही केलं की सगळी खोली माझ्याकडे बघायला लागली. शेजारच्या तीन घरांतून गॅसच्या शेगड्या मागवल्या आणि मढ्याभोवती लावल्या.

उलिस म्हणाला, ‘‘एर्मिन, अगं मेलेल्याला ऊब देतं का कुणी? दुपारपर्यंत काय होईल माहितीये ना?’’

‘‘माहितीये,’’ मी म्हटलं. ‘‘ऑगस्टात मीही होते.’’

ओलिंप भिंतीशी बसली होती. क्लोव्हिसची ओलिंप, आता म्हातारी. ती कशाला आली होती कोण जाणे. ती उठली, आणि मला वाटलं आता ही बोलणार. तिने एक शेगडी उचलली आणि मावशीच्या पायाशी नेऊन ठेवली.

मी डावा हात मानेखाली घातला. बर्फाच्या गादीत घातल्यासारखा. शेगड्या फुरफुरत होत्या. खिडकीच्या काचेवरून पाणी ओघळायला लागलं, आणि त्यातून ओट्यावरची बाटली दिसत होती. मी ती सकाळी आत आणून, वितळवून परत टांगली होती. गंजका पक्षी आला आणि पिऊन गेला. खोलीतल्या बायकांनी छातीवर क्रुसाची खूण केली. मी मनात म्हटलं, भूक लागली असेल त्याला. तरी मी मावशीच्या पापण्यांकडे बघितलं.

हळूहळू तिचे हात सैल झाले. आवळलेली बोटं उघडली. हे होतं, सगळ्यांचंच होतं, मला माहीत होतं. गालावर पाण्याचे बारीक थेंब आले. थंड भांडं गरम खोलीत ठेवलं की येतात तसे, हेही माहीत होतं. आणि मग माझ्या तळहाताखाली तिची मान उबदार लागली.

मी हलले नाही. ऊब खरी होती. पण ती तिची होती का शेगडीची, का माझ्याच हाताची ऊब मला परत मिळत होती, हे मला सांगता येईना. बोटांच्या टोकाशी काहीतरी ठोकत होतं. ती माझी नाडी असणार. माझीच असणार. मी श्वास रोखून पाहिला, तर ते आणखी जोरात ठोकू लागलं. त्याच वेळी तिच्या घशातून एक लांब, हलका आवाज निघाला, अंथरुणात कूस बदलताना माणूस करतो तसा. खोलीतले सगळे एक पाऊल मागे सरले. मढ्यातली हवा सुटते, हे आमच्या वस्तीत पोरांनाही ठाऊक आहे. तरी सगळे सरले.

‘‘मावशी,’’ मी म्हटलं. ‘‘सगळे जमलेत. उलिस दारात आहे. काही करायचं असेल तर आता कर गं.’’

तेव्हा मला कळलं की तिलाही कधीच कळलं नव्हतं. इतकी वर्षं, इतक्या घरांत. मानेखालच्या हाताला काहीही सांगता येत नाही. तिने फक्त शक्य तितकी वाट पाहिली होती आणि मग, न कळताच, ‘लावा’ म्हटलं होतं, आणि घरी जाऊन झोपली होती, किंवा झोपली नसेल. मला तिचा इतका राग आला आणि इतकी माया दाटून आली की मला दोन्ही वेगळं करता येईना. एवढी मोठी गोष्ट तिने मला बघायला सांगितली होती, आणि बघण्यासारखं त्यात काहीच नव्हतं.

दुपार झाली. वास नव्हता, अजून नव्हता. पाद्रींनी दोनदा घड्याळ पाहिलं. ओलिंप माझ्या खांद्यामागे येऊन उभी राहिली आणि फक्त मला ऐकू येईल असं म्हणाली, ‘‘तो दिवस मला आज कुणी परत दिला तर मी घेईन. पण संध्याकाळ करावी लागते, एर्मिन.’’

मी आणखी थोडी बसले. मग हात काढला. हाताला मुंग्या आल्या होत्या.

‘‘लावा,’’ मी म्हटलं.

उलिसने झाकण आणलं. पहिला स्क्रू लाकडात शिरताना करकरला, आणि तो आवाज ऐकल्याबरोबर मी तोंड झाकणाजवळ नेऊन बोलायला लागले. मोठ्याने. काहीही. म्हटलं, मावशी, गंबोचा रस्सा ओलिंपने केलाय आणि मीठ नेहमीसारखं जास्त पडलंय. पाद्रीबाबांच्या बुटाच्या तळाला भोक आहे, गुडघे टेकले की दिसतं. लिंबाची झाडं या वेळी वाचतील असं वाटतं, साल खरवडून पाहिली, आत हिरवी आहे. करकर वाढली की मी आवाज वाढवत होते. लोकांना वाटलं माझं डोकं फिरलं. पाद्रींनी माझ्या दंडाला धरलं, मी झटकून दिलं. पेटी उचलली तेव्हा मी तिच्या बाजूने चालत होते, लाकडाला तोंड लावून, बायूच्या काठाने कबरस्तानापर्यंत. सांगत होते, आता पूल आला, आता तेओजेनची जुनी नाव दिसतेय, अजून तशीच उलटी पडलीये, बाटली मी काढणार नाही, तो सकाळी येऊन गेला. ती मेलेली होती. त्याबद्दल मला शंका नव्हती, आणि नव्हती असं मी आजही म्हणते. पेटी आत सरकवली, विटा चढायला लागल्या, थापीचा आवाज व्हायला लागला. माझा घसा बसला होता तरी मी फटीशी वाकून बोलतच होते. कशाबद्दल ते आता आठवत नाही. बुटांबद्दल असेल, कोळंबीच्या भावाबद्दल असेल. एकदा मान वर केली तर थापी थांबलेली होती. लोक घरी गेले होते, उलिसच्या घमेल्यातला चुना थंडीने घट्ट होत चालला होता, आणि तो शेवटची वीट हातात धरून उभा होता, कारण माझं बोलणं अजून संपलं नव्हतं.